शून्यवंदना

शून्यवंदना : एका कल्पित ग्वाल्हेरातील कालप्रवाशांचे प्रस्थानगीत. प्रवासी आणि त्यांचे रिवाज कल्पनेतले. किल्ला, शिलालेख, ताल आणि पळाघटिकांचा हिशेब मात्र खरा. मानवंदनेचे गीत म्हटले की बँड आणि झेंडा डोळ्यांपुढे येतो. इथे दोन्ही नाहीत. हे गीत मुळात घड्याळ आहे.

नाव आले ते किल्ल्याच्या चढावरील, खडकात कोरलेल्या चतुर्भुज मंदिरातून. तिथल्या शिलालेखावर संवत ९३३, म्हणजे इ. स. ८७६, असा काळ आहे. मजकूर अगदी घरगुती : देवाच्या बागेसाठी २७० हात लांब आणि १८७ हात रुंद जमीन, शिवाय रोजच्या ५० माळांची सोय. यातल्या २७० आणि ५० मधले शून्य आपण आज काढतो तसेच, फक्त जरा लहान. याहून जुने शून्य कंबोडियातील इ. स. ६८३ च्या लेखात सापडते. पण प्रवाशांना निघायचे असते ग्वाल्हेरहून, म्हणून मान याच शून्याला. निघणारा त्यापुढे एक माळ ठेवतो.

गीत चौतालात आहे. मात्रा बारा, आणि लय सेकंदाला एक मात्रा. म्हणजे एक आवर्तन, तालाचा एक फेरा, बारा सेकंदांचे, दोन आवर्तने चोवीस सेकंदांची. आणि चोवीस सेकंद म्हणजे बरोबर एक पळ. अशी साठ पळे झाली की एक घटिका, म्हणजे चोवीस मिनिटे. तळाला भोक पाडलेले तांब्याचे घटिकापात्र पाण्यात बुडायला तेवढाच वेळ लागे. चौतालात तिसऱ्या आणि सातव्या मात्रेवर ‘खाली’ येते, म्हणजे तिथे टाळी नसते. दुसऱ्या आवर्तनातल्या सातव्या मात्रेवर सगळे गप्प होतात आणि प्रवासी निघतो. उरलेल्या पाच मात्रा त्याने उतरेल त्या काळात एकट्याने पुऱ्या करायच्या आणि समेवर, म्हणजे पुढच्या आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर, पहिले पाऊल टाकायचे. मात्रा हुकली तर वर्ष हुकते. आख्खे आवर्तन हुकले तर एक तप गेले.

शब्द नाहीत, ख्यालाहून जुन्या ध्रुपद गायकीच्या आलापातले ‘री रे ना तोम’ एवढेच. ही निवड शहाणपणाची वाटते. ग्वाल्हेरच्या राजा मानसिंह तोमराच्या दरबारात (१४८६–१५१६) ध्रुपदाला मोठा आश्रय होता, त्यामुळे तिथे उतरून ते गुणगुणले तर कोणी वळून पाहणार नाही. ग्वाल्हेरचे नाव ज्या ख्यालगायकीने पुढे गाजले ती हद्दू खाँ, हस्सू खाँ यांची, एकोणिसाव्या शतकातली. मानसिंहासमोर तशी तान घेणारा तिथल्या तिथे उघडा पडेल. सुराचीही अडचण येत नाही. षड्ज, म्हणजे सा, ज्याचा त्याचा. काळी एक की पांढरी चार, हे विचारायला मानसिंहाच्या काळात पेटीच नव्हती. त्याहून मागे, शिलालेखाच्या काळात उतरणाऱ्याने मात्र मात्रा मनातच मोजाव्यात.

ग्वाल्हेर शहरातल्या ‘लष्कर’ नावाच्या भागातील मराठी घरांनी या विधीत आपली भर घातली : अंतरपाट. प्रवासी आणि निरोप देणारे यांच्यामध्ये तो धरतात, आणि गीताआधी ‘सावधान’ म्हणतात, एकदाच. मंगलाष्टकांत हौशी आत्या-मावश्या स्वतः रचलेली कडवी घुसवतात आणि मुहूर्त टळत असला तरी थांबत नाहीत. इथे त्यांना सक्त मनाई आहे. ठेक्याला पखवाज असतो, आणि पखवाजी शक्यतो घरातला नसावा, असा संकेत आहे. घरच्या माणसाचा हात सातव्या मात्रेपाशी जड होतो.

परतीचे वेगळे गीत नाही. सातव्या मात्रेच्या ‘खाली’ला अंतरपाट काढतात तेव्हा पलीकडे कोणी नसते. तरी मागे राहिलेली मंडळी उरलेल्या पाच मात्रा हाताने मोजतात, आणि समेवर टाळी देतात.