लष्कर (सोलापूर)

लष्कर : सोलापूर शहरातील एक जुनी, दाट वस्ती. भुईकोट किल्ला आणि सिद्धेश्वर तळे यांच्या दक्षिणेस व आग्नेयेस ती पसरलेली आहे. कागदोपत्री तिचे नाव सदर बझार. त्याचे उत्तर सदर बझार आणि दक्षिण सदर बझार असे भाग पडतात. पोलीस ठाण्याच्या पाटीवरही 'सदर बझार' असेच असते, आणि त्यातला 'झ' सोलापूरकर आवर्जून जपतो. बोलण्यात मात्र ही वस्ती लष्करच. 'तो लष्करात आहे' याचा अर्थ महाराष्ट्रभर एकच होतो. सोलापुरात 'तो लष्करात राहतो' म्हटले, की जांबवीर चौक, बेडर पूल, मोदीखाना हा टापू डोळ्यांपुढे येतो. इंग्रजांनी येथे छावणी घातली. तिच्या रोजच्या गरजा भागवायला तिच्या अंगाला एक बाजार वसला. छावणी कधीच मोडली, पलटणी गेल्या. बाजार राहिला, वाढला आणि शहराचाच एक भाग झाला.

सैन्याच्या तळावरून गावाला नाव पडणे ही मराठी मुलखात नवलाची गोष्ट नाही. ग्वाल्हेरचे लष्कर हे शहर दौलतराव शिंद्यांच्या तळातून एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला उभे राहिले. पुण्याच्या पूर्वेकडच्या भागाला जुनी माणसे अजून लष्कर म्हणतात, नगरला भिंगार कॅम्प आहे आणि नागपूरजवळचे कामठी हे गाव तर छावणीमुळेच नावारूपाला आले. पुणे, खडकी, देहू रोड, देवळाली, अहमदनगर, औरंगाबाद आणि कामठी या महाराष्ट्रातल्या सात ठिकाणी छावणी आणि तिचा कारभार पाहणारे कटक मंडळ पुढच्या काळातही टिकले. सोलापूर त्या यादीत नाही. म्हणूनच सोलापूरचे लष्कर अभ्यासण्याजोगे आहे. सैनिक निघून गेल्यावर त्यांच्या भरवशावर वसलेल्या गावाचे काय होते, याचे उत्तर येथे गल्लीगल्लीत सापडते.

दरवेळी ते गाव टिकतेच असे नाही. सोलापूर जिल्ह्यात याहून कितीतरी मोठी छावणी पडून गेली आहे. मंगळवेढ्याजवळ भीमेच्या काठी ब्रह्मपुरी येथे १६९५ ते १६९९ या काळात औरंगजेबाचा तळ होता. हत्ती, तोफखाना, सरदारांचे तंबू आणि त्यांच्यामागे फिरणारे बाजार असे एक चालतेबोलते शहरच तेथे नांदत होते. बादशहाने तळ हलवला आणि ते शहर त्याच्याबरोबर उठून गेले. आज ब्रह्मपुरीलगतच्या माचणूरला जाणारा माणूस किल्ल्याचा कोट आणि घाटावरचे सिद्धेश्वराचे मंदिर पाहतो. पेठेचा मागमूस नाही. त्या मानाने किरकोळ असलेल्या इंग्रजी छावणीचा बाजार मात्र सोलापुरात दोनशे वर्षे टिकला. हा फरक कशाने पडला, हे पुढे येईल.

सोलापूरचा किल्ला बहमनी काळातला. सोळाव्या शतकात निजामशाही आणि आदिलशाही त्याच्यासाठी वर्षानुवर्षे भांडल्या. सोयरिकी झाल्या, त्यांत हा किल्ला आंदण म्हणून बोलला गेला, कधी दिला, कधी नाकारला आणि पुन्हा लढाया झाल्या. चांदबिबीच्या लग्नाच्या बोलणीतही तो होता. म्हणजे सैन्याच्या सोबतीने राहणे या गावाला इंग्रज येण्याच्या आधीपासून ठाऊक होते. तिसऱ्या इंग्रज-मराठा युद्धाच्या अखेरीस दुसऱ्या बाजीरावाचे पायदळ आणि तोफा येथेच होत्या. जनरल टॉमस मन्रो दक्षिणेकडून चालून आला आणि १० मे १८१८ रोजी त्याच्या फौजेने शिड्या लावून पेठ घेतली. कोटाबाहेर गणपतराव पानसे तोफा घेऊन लढले, पण पेशव्यांचे सैन्य हटले आणि इंग्रजी घोडदळाने सीना नदीपर्यंत त्याचा पाठलाग केला. थोड्याच दिवसांत किल्लाही पडला. जूनच्या सुरुवातीला बाजीराव इंग्रज सेनानी जॉन माल्कमच्या स्वाधीन झाला. पेशवाईच्या शेवटच्या मोठ्या लढायांतली ही एक. शनिवारवाडा आणि खडकीच्या मानाने तिची आठवण फारच कमी निघते, हे खटकणारे आहे.

इंग्रजांची छावणी जुन्या शहरात शिरली नाही. गोऱ्या अंमलदाराला पेठेतली दाटी नको होती. साथीच्या रोगांची धास्ती होती, शिवाय तोफेच्या माऱ्याला मोकळे रानही हवे होते. म्हणून किल्ल्याच्या दक्षिणेची उघडी माळजमीन निवडली गेली. अशा छावण्यांची मांडणी ठरीव असे. सैनिकांच्या ओळीने बांधलेल्या बराकी म्हणजे 'लाईनी', कवायतीचे मैदान, दूर दूर अंतरावर मोठ्या आवारांचे बंगले आणि या सगळ्यापासून थोडा हटून बाजार. पलटणीपलटणीचे छोटे बाजार वेगळे असत. साऱ्या छावणीचा जो मुख्य, तो सदर. सोलापुरात आज रुंद, सरळ रस्त्यावरून चालता चालता एकाएकी अरुंद, वळणाच्या गल्लीत पाऊल पडते. बंगल्यांची हद्द संपून बाजाराची सुरू झाल्याची खूण पायाला अजूनही अशी कळते.

या बाजारात काय चाले, ते नीट पाहायला हवे, कारण लष्कर वसवले ते याच माणसांनी. घोड्यांना चंदी लागे, म्हणजे हरभरा. त्याचे व्यापारी आले. गवताचे भारे विकणारे आले. शिपायांच्या शिध्याचा साठा ज्या कोठारात असे ते मोदीखाना. कोठार गेले, तरी वस्तीचे नाव मोदीखाना आणि बोलताना नुसते 'मोदी' असे राहिले आहे. पाणी आणायला पखाली घेऊन भिस्ती आले. धोबी, न्हावी, शिंपी, खाटीक, पाव भाजणारे, लोहार, नालबंद आले. खोगीर, लगाम, कमरपट्टे आणि जोडे शिवायला चामड्याचे कारागीर लागत. बाजारावर लष्करी अंमल असे: वजनमापे तपासली जात, निरख, म्हणजे मालाचा भाव, ठरवला जाई, रात्री कोण आले-गेले याची नोंद राही. पगाराच्या दिवशी बाजार फुले, पलटण मोहिमेवर निघाली की उधारी थकून दुकानदार हवालदिल होई. छावणीच्या जिवावर जगणाऱ्या प्रत्येक गावाची नाडी ही अशी दुसऱ्याच्या हाती असते.

छावणीत जमीन सरकारची आणि इमला तेवढा राहणाऱ्याचा, अशी जुनी रीत होती. जेथे कटक मंडळे राहिली तेथे पुढे १९२४ च्या आणि नंतर २००६ च्या कायद्याने कारभार चालला, आणि घरावर एक मजला चढवायचा तरी मंडळाची परवानगी घ्यावी लागते, ही तिथल्या रहिवाशांची पिढ्यान्‌पिढ्यांची तक्रार आहे. सोलापूरच्या लष्कराची या जाचातून सुटका झाली. नगरपालिका येथे १ ऑगस्ट १८५२ रोजी, म्हणजे राज्यातल्या बहुतेक शहरांच्या आधी, स्थापन झाली होती. छावणी मोडल्यावर बाजार तिच्या कारभारात आला. साहेबांचे बंगले मुलकी अधिकाऱ्यांकडे गेले. १ मे १९६४ रोजी नगरपालिकेची महानगरपालिका झाली, तेव्हा लष्कर हा शहराचा जुना भाग समजला जात होता.

आता ब्रह्मपुरीचा बाजार उठला आणि हा का टिकला, याचा उलगडा. पलटणीशिवाय जगण्याची सोय सोलापूरला वेळेवर झाली. मोहोळहून पुढे येणारी रेल्वे १८६० च्या जूनमध्ये सोलापुरात पोचली. स्थानक जुन्या शहराच्या आणि छावणीच्या दोघांच्याही आवाक्यात होते. रेल्वेच्या नोकरवर्गाची वसाहत 'रेल्वे लाईन्स' झाली. छावणीतला 'लाईनी' हा शब्द तिने उचललेला दिसतो. १८७१ साली एकरुखचा, म्हणजे हिप्परग्याचा तलाव पुरा झाला. १८७७ मध्ये मोरारजी गोकुळदास यांची कापड गिरणी सुरू झाली. तीच सोलापूरची 'जुनी मिल'. गिरणीच्या भोंग्याने शहराचे घड्याळ बदलले. तेलंगणातून विणकर आले, कर्नाटकातून मजूर आले, आणि लष्करातल्या शिंप्याला, पाववाल्याला, जोडे शिवणाऱ्याला शिपायाऐवजी गिरणी कामगार हे गिऱ्हाईक मिळाले. जिल्ह्याचे मुख्य ठाणे असल्याने कचेऱ्या, दवाखाने, शाळा याच बाजूला वाढल्या. अमेरिकन मराठी मिशनने एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात सोलापुरात काम सुरू केले. रंगभवनाजवळचे फर्स्ट चर्च ही त्याची ठळक खूण.

लष्कर हे नाव घेताना १९३० चा उन्हाळा वगळता येत नाही. सविनय कायदेभंगाच्या चळवळीत गांधीजींना अटक झाली आणि मे महिन्यात सोलापूर पेटले. गोळीबार झाला, माणसे मेली, चौक्या आणि न्यायालये जळाली आणि ९ ते ११ मे हे तीन दिवस शहरातून ब्रिटिश सत्ता जणू नाहीशी झाली. १२ मे रोजी मार्शल लॉ पुकारला गेला आणि तो ३० जूनपर्यंत चालला. ज्या शहरातून पलटण हलली होती, त्यात पुन्हा बंदुका आल्या, पण या वेळी शहराच्याच छातीवर रोखलेल्या. तिरंगा हाती घेणे हा गुन्हा ठरला. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन या चौघांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात फाशी दिली गेली. चार नावे, चार समाज. शहराच्या मध्यावर या चार हुतात्म्यांचे पुतळे आहेत. सोलापूरचे लोक बाहेरच्या माणसाला वाट सांगताना 'चार पुतळ्यांपासून' अशी सुरुवात करतात.

२०११ च्या जनगणनेत सोलापूरची लोकसंख्या ९,५१,५५८ होती. १९९२ च्या हद्दवाढीनंतर विजापूर रस्ता, होटगी रस्ता, जुळे सोलापूर असे शहर दक्षिणेकडे पसरत गेले. एके काळी गावाबाहेर असलेले लष्कर आता त्याच्या पोटात आहे. गणवेशातला मोठा तळ आज विजापूर रस्त्यावर सोरेगावला आहे. तो राज्य राखीव पोलीस बलाच्या गट क्रमांक १० चा, सैन्याचा नव्हे.

लष्कराची बोली हा वेगळ्या नोंदीचा विषय व्हावा. मराठी, तेलुगू, कन्नड आणि दखनी, म्हणजे दक्षिणेतली उर्दू, या चार भाषा एका गल्लीत नांदतात. आई तेलुगूत हाक मारते, मुलगा मराठीत ओ देतो आणि दारात गिऱ्हाईक उभे राहिले की बोलणे दखनीवर येते. वाक्याच्या शेवटी सोलापूरचा 'बे' असतोच. 'काय बे, कवा आलास?' यात अपमान नाही, सलगी आहे. परक्याला ते कळायला चार दिवस लागतात. छावणीच्या बाजारात माणसे वेगवेगळ्या मुलखांतून एकाच वेळी आली, कोणीच कोणाच्या आधीचे नव्हते. त्यामुळे येथे भाषेवरून कुणाला उपरे ठरवण्याची सवय रुजली नाही. हे लष्कराचे सगळ्यात मोठे धन आहे.

मोची समाजाची येथे मोठी वस्ती आहे आणि जांबमुनी हे त्यांचे आराध्य. ज्या घरांत पिढीजात धंदा अजून चालतो तेथे कामाची तऱ्हा फारशी बदललेली नाही. उंबऱ्यापाशी, उजेड येईल अशा बेताने कारागीर बसतो. भिजवून नरम केलेले चामडे फळीवर अंथरतो, रापीने कड तासून पातळ करतो. मग तळ आणि वरचा पट्टा पायांच्या अंगठ्यांत धरून आरीने भोक पाडतो आणि मेण लावलेला दोरा दोन्ही बाजूंनी एकाच भोकातून ओढतो. टाका आवळताना दोन्ही हात बाजूंना ताणले जातात, कोपर दाराच्या चौकटीला लागते. चौकटीवर त्या जागी लाकूड झिजून गुळगुळीत झालेले असते.