कल्पित जगातले जलग्रंथ: पार्श्वभूमी

अद्भुतकथांच्या जगात पाण्याविषयीचा एखादा प्राचीन, अर्धवट उरलेला पवित्र ग्रंथ हटकून सापडतो. जग सगळं समुद्राचं असो की ठणठणीत कोरडं, ग्रंथ असतोच. त्यातली वचनं मात्र बहुतेकदा गुळमुळीत निघतात: पाणी म्हणजे जीवन, पाणी सर्वांचं, वगैरे. खरी जुनी जलसूक्तं इतकी मोघम बोलत नाहीत. कुठलं पाणी, त्यावर सत्ता कोणाची, त्यात काय करायचं नाही, यावर त्यांचा भर असतो.

तुटक्या ग्रंथाचं आकर्षण वाढलं ते एकोणिसाव्या शतकात. इराकमधल्या मोसूलजवळ निनेव्हे या प्राचीन नगराच्या उत्खननात असुरबनिपाल या अॅसिरियन राजाच्या ग्रंथालयातल्या मातीच्या पाट्या निघाल्या आणि ब्रिटिश म्युझियममध्ये पोचल्या. तिथे जॉर्ज स्मिथ यांनी 1872 साली त्यांत महापुराची कथा वाचून काढली. हे गृहस्थ मूळचे नोटांच्या छपाईसाठी खोदकाम करणारे कारागीर, पाट्यांवरची खिळ्यांसारख्या खुणांची कीलाकार लिपी शिकले ती स्वतःच्या हिमतीवर. 1876 मध्ये त्यांनी बाबिलोनी सृष्टिकथेचे तुकडे भाषांतरासह छापले. आज ती कथा ‘एनुमा एलिश’ म्हणून ओळखली जाते.

सात पाट्यांचं हे काव्य सुरू होतं तेव्हा आकाशाला नाव नाही, जमिनीला नाव नाही. आहेत ती फक्त एकमेकांत मिसळलेली दोन पाणी. अप्सू हे गोडं, तिआमत हे खारं. हा भेद कवीच्या डोक्यातून आलेला नाही. दक्षिण मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या दक्षिण इराकात, नद्या दलदलीतून आखाताला मिळतात, आणि पाटाचं पाणी वर्षानुवर्षं दिलं की शेतात मीठ फुटतं. गोडं कुठे संपतं आणि खारं कुठे सुरू होतं, यावर तिथलं पोट अवलंबून होतं. पुढे इआ हा देव मंत्राने अप्सूला झोपवतो, मारतो आणि त्याच्यावरच आपलं घर बांधतो. मग बाबिलोनचा मुख्य देव मार्दुक तिआमतला सुकवायच्या माशासारखी मधोमध चिरतो. एका अर्ध्याचं आकाश होतं, आणि त्यातलं पाणी निसटू नये म्हणून तो तिथे पहारेकरी बसवतो. तिच्या डोळ्यांतून युफ्रेटिस आणि टायग्रिस वाहू लागतात. बाबिलोनमध्ये नववर्षाच्या उत्सवात चौथ्या दिवशी हे काव्य मार्दुकासमोर म्हटलं जाई. म्हणजे ही कथा दरवर्षी वापरात येत होती, कपाटात पडून नव्हती.

ऋग्वेदातल्या आपःसूक्तांची, म्हणजे पाण्याच्या स्तुतीच्या सूक्तांची, घडण वेगळी. सातव्या मंडलातल्या 49 व्या सूक्तात पाण्याची चक्क वर्गवारी आहे: आकाशातलं, वाहणारं, खणून काढलेलं आणि आपोआप उगवलेलं. ‘खनित्रिमा’ हा शब्द मला फार मोलाचा वाटतो. माणसाने कुदळ मारून आणलेलं पाणीही इथे देवीच आहे, पावसाच्या पाण्याइतकंच. त्याच सूक्तात राजा वरुण या पाण्यांमधून चालतो आणि लोकांचं खरंखोटं खाली पाहत राहतो. दहाव्या मंडलातलं ‘आपो हि ष्ठा मयोभुवः’ तर संध्येतल्या मार्जनात आजही म्हटलं जातं. हातातलं पाणी अंगावर शिंपडत म्हणायचा मंत्र आहे तो. ‘माझ्यात जे काही दुरित असेल ते वाहून न्या’ ही त्याच सूक्तातली मागणी.

हे सगळं टिकलं ते पाठांतरावर. पदपाठ, क्रमपाठ, घनपाठ अशा रचना लावून शब्द सुटे करून, जोड्या लावून, उलटसुलट गुंफून म्हणायचे, म्हणजे अक्षरही सरकत नाही. कल्पित जगांचे निर्माते बहुधा फुटक्या पाटीचाच मार्ग धरतात, तोंडपाठ ग्रंथाचा क्वचित. खरं तर गोष्टीसाठी दुसराच जास्त धोक्याचा आहे: पाठ करणारी माणसं संपली की ग्रंथ संपला.

अख्खा देवलोक धर्मग्रंथाच्या सुरात नव्याने रचायची वाट लेखक लॉर्ड डनसेनी यांनी 1905 मध्ये ‘द गॉड्स ऑफ पेगाना’तून दाखवली. पाण्याचं शास्त्र मात्र नीट बसवलं ते फ्रँक हर्बर्ट यांच्या 1965 च्या ‘ड्यून’ या कादंबरीने. तिच्यातल्या वाळवंटी ग्रहावर मेलेल्या माणसाच्या देहातलं पाणी टोळीचं असतं, आणि समोर थुंकणं हा मान असतो, कारण थुंकणारा आपल्या अंगातलं पाणी देतो. ग्रीक इतिहासकार हेरोडोटसने प्राचीन पर्शियन लोकांबद्दल नेमकं उलट लिहून ठेवलंय: ते नदीत थुंकत नाहीत, लघवी करत नाहीत, हातही धूत नाहीत. याच इराणी परंपरेत अवेस्ता या पारशी धर्मग्रंथातला आबान यश्त आहे, जलदेवता अरेद्वी सूरा अनाहिता हिची दीर्घ स्तुती. एकीकडे थुंकी दान, दुसरीकडे विटाळ, पण दोन्हीकडे पाण्याला नियम आहे. काल्पनिक ग्रंथ खरा वाटतो तो अशा नियमामुळे. भारदस्त भाषा कोणालाही जमते.

अशा जुन्या परंपरांतली एक अजून पाण्यात उभी आहे. दक्षिण इराक आणि इराणच्या खुजेस्तानातले मंदाई या छोट्या, जुन्या धर्मपंथाचे लोक ‘गिन्झा रब्बा’ हा ग्रंथ मानतात. त्यांचा स्नानसंस्कार आयुष्यात पुन्हा पुन्हा करायचा असतो, आणि तो वाहत्या पाण्यातच. साचलेलं चालत नाही. 1990 च्या दशकात इराकमधल्या दलदली मुद्दाम कोरड्या पाडल्या गेल्या, 2003 नंतरच्या हिंसाचारात बरेचजण देश सोडून गेले. ग्रंथ सोबत नेता आला, नदी नाही. सिडनीत वसलेले मंदाई आता हा संस्कार नेपियन नदीत करतात.