ऑडॅसिटीत एमपी३ साठी वेगळी डीएलएल टाकायची गरज नाही

ऑडॅसिटी या आवाज रेकॉर्ड-एडिट करायच्या सॉफ्टवेअरमध्ये रेकॉर्ड केलेलं एमपी३ मध्ये सेव्ह करायचं तर आधी लेमची (म्हणजे एमपी३ बनवणाऱ्या प्रोग्रामची) डीएलएल ही जोड-फाईल कुठूनतरी शोधून टाकावी लागते, असं लोक अजून छातीठोकपणे सांगतात. अहो, पूर्वी ते खरंच होतं, एमपी३ च्या पेटंटची भानगड होती म्हणून लेम सोबत देत नव्हते, ती भानगड २०१७ ला मिटली आणि २०१९ च्या २.३.२ व्हर्जनपासून विंडोज, मॅकवर लेम आतच येतं, सरळ एक्स्पोर्टमध्ये जाऊन एमपी३ निवडा, झालं काम. एम४ए किंवा डब्ल्यूएमए असे दुसरे ऑडिओ फॉरमॅट हवे असतील तर मात्र त्यासाठीची एफएफएमपेग नावाची जोड-लायब्ररी अजूनही वेगळी टाकावी लागते, अर्धा गोंधळ तिथलाच. आणि ‘फ्री डीएलएल’ वाल्या साइटवरून काही उचलू नका, नसता व्हायरस गळ्यात पडायचा.