बोर्डिंग, बालगृह आणि फ्रान्सिस्कन ब्रदर

निराधार मुलांसोबत एकाच छपराखाली आयुष्य काढणारा फ्रान्सिस्कन ब्रदर, म्हणजे संत फ्रान्सिसच्या पंथातला ख्रिस्ती व्रतस्थ, कोल्हापूरकरांना फारसा परका वाटू नये. दसरा चौकाभोवतीची बोर्डिंगे बघत वाढलेल्यांना वसतिगृहाचे मोल वेगळे सांगावे लागत नाही. शाहू महाराजांनी इथले पहिले बोर्डिंग 1901 मध्ये काढले. योगायोग असा की, विदर्भात एका जर्मन ब्रदरांनी फ्रान्सिस्कन ब्रदरांची मंडळी उभी केली तीही त्याच वर्षी.

या पंथाचे लोक गोव्यात त्याच्या पावणेचारशे वर्षे आधीच आले होते. तिथे 1559 च्या पोर्तुगीज फर्मानाने पोरक्या हिंदू मुलांना मिशनऱ्यांच्या विद्यालयात धाडले. ते विद्यालय फ्रान्सिस्कनांचे नव्हते, पण मिशनच्या अनाथालयाकडे संशयाने बघायची सवय इतकी जुनी आहे.

खरी ओढाताण मात्र अलीकडची. जानेवारी 2016 मध्ये लागू झालेल्या बाल न्याय कायद्याने मुलाला संस्थेत ठेवणे हा शेवटचा पर्याय ठरवला. संस्थेची नोंदणी सक्तीची झाली. ती न केल्यास एक वर्षापर्यंत कैद, किमान एक लाख दंड किंवा दोन्ही. इथवर तक्रारीला जागा नव्हती. बेनामी आश्रमांचे पीक कापायलाच हवे होते.

सप्टेंबर 2020 मध्ये दिल्लीतल्या राष्ट्रीय बालहक्क संरक्षण आयोगाने महाराष्ट्रासह आठ राज्यांना कळवले, की संस्थांमधली मुले 100 दिवसांत कुटुंबाकडे पोहोचवा. केवळ गरिबीपायी मूल आईबापांपासून तुटू नये, हा त्यामागचा युक्तिवाद रास्तच होता. पण कोरोनात शाळा बंद, हाताला काम नाही, अशा वेळी ही मुदत! एका मुलाची गृहचौकशी नीट करायची तरी गावाला किती खेपा घालाव्या लागतात. त्याच डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयाने घरी गेलेल्या मुलांच्या शिक्षणासाठी दरमहा 2000 रुपये द्यायला सांगितले. मूल कुटुंबातच वाढावे म्हणून मदत देणारी आपल्याकडची बालसंगोपन योजना तेव्हा महिन्याला 425 रुपये देत होती. 2021 मध्ये त्याचे 1100 झाले, 2023 मध्ये 2250.

कोल्हापूर जिल्ह्यात या वादाला आणखी एक पदर आहे. बीडकडून ऊसतोडीला येणारी टोळी हंगामभर कारखान्याच्या तळावर कोपीत, म्हणजे पाचटाच्या झोपडीत राहते. त्या टोळीतल्या मुलाला घरी पाठवायचे तर कुठे? तळावर, की कुलूप घातलेल्या गावच्या घरी? त्याला आईबाप आहेत, म्हणून तो अनाथ नाही. हंगामी वसतिगृहात त्याची सोय होते, पण सगळ्यांची नाही.

त्यामुळे आजच्या ब्रदरच्या दिवसात प्रार्थना आणि पंगतीइतकीच बालकल्याण समितीपुढची कागदपत्रे असतात, एसटीने केलेल्या गृहभेटी असतात. वयाची 18 वर्षे पूर्ण झाली की मुलाला बालगृह सोडावे लागते. अनुरक्षणाची, म्हणजे बाहेर पडल्यावरच्या आधाराची सोय आहे ती सहसा 21 पर्यंत.