मिडिव्हल रोमान्स : किल्ला, सरदार आणि राजानं जमवलेलं लग्न

मिडिव्हल रोमान्स म्हणजे साधारण 1066 ते 1485 या काळातल्या इंग्लंडमध्ये घडणाऱ्या प्रेमकादंबऱ्या. 1066 ला नॉर्मंडीच्या विल्यमनं हेस्टिंग्जची लढाई मारून इंग्लंड घेतलं आणि 1485 ला बॉसवर्थच्या लढाईत राजा तिसरा रिचर्ड पडला, या दोन लढायांच्या मधे जे काही येतं ती सगळी या लेखिकांची जहागिरी. मराठी समीक्षेत रोमान्सला 'अद्भुतरम्य' म्हणायची पद्धत आहे, वाचणारे मात्र नुसतं 'हिस्टॉरिकल' म्हणतात आणि त्यातलं किल्ला-तलवारवालं असेल तर 'मिडिव्हल'. कव्हरवर बहुतेक वेळा शर्टाची बटणं लावायला विसरलेला हिरो आणि मागे धुक्यात किल्ला (बटणं त्या काळात तशी होती का हा वेगळाच प्रश्न), त्यामुळे ही पुस्तकं पेपरचं कव्हर घालून वाचणारे लोक आहेत, मी त्यातलाच एक.

घोडे, चिलखतं, मेणबत्त्या, दगडी जिने हे सगळं आवडतंच, पण पुस्तक हातातून सुटत नाही ते लग्नामुळे. आणि ते लग्न लेखिकेनं हवेतून काढलेलं नसतं. त्या काळातल्या इंग्लंडमध्ये जमीन शेवटी राजाची, सरदारांनी ती सैनिकी चाकरीच्या बदल्यात धरलेली. सरदार गेला आणि मागे फक्त मुलगी उरली किंवा तरणी विधवा उरली तर तिचं लग्न कुणाशी लावायचं हे राजा ठरवणार, आणि हा हक्क राजा बक्षीस म्हणून देऊ शकायचा किंवा चक्क विकू शकायचा. 1185 साली दुसऱ्या हेन्रीच्या अधिकाऱ्यांनी 12 परगण्यांत फिरून अशा विधवांची आणि पोरक्या मुलामुलींची यादीच केली, बाईचं वय किती, मुलं किती, जमिनीचं उत्पन्न किती, गुरंढोरं किती. म्हणजे वधूवर सूचक मंडळाचं रजिस्टरच, फक्त मंडळ चालवणारा राजा आणि फी त्याच्या खजिन्यात. नको असलेलं लग्न टाळायला विधवा राजाला पैसे भरायच्या, त्याच्याही नोंदी सरकारी हिशोबात सापडतात. 1215 च्या मॅग्ना कार्टात (सरदारांनी राजाकडून लिहून घेतलेली हक्कांची सनद) तर यावर स्वतंत्र कलम आहे, विधवेला नवऱ्याशिवाय राहायचं असेल तर तिला जबरदस्तीनं लग्न करायला लावू नये असं. आता एवढं लिहून घ्यावं लागलं म्हणजे आधी काय चाललं असेल ते कळतंच.

याची सगळ्यात गाजलेली खरी केस विल्यम मार्शलची. घरचा धाकटा मुलगा, वाट्याला जमीन नाही, टूर्नामेंट जिंकून नाव कमावलेलं. 1189 मध्ये त्याला इझाबेल द क्लेअर मिळाली, वय सतरा-अठरा, वेल्सच्या सीमेवरची आणि आयर्लंडमधली प्रचंड इस्टेट तिच्या नावावर, लग्न ठरेपर्यंत राजाच्या ताब्यात टॉवर ऑफ लंडनमध्ये ठेवलेली. मार्शल तेव्हा चाळिशी ओलांडलेला. आपल्याकडे आधी लगीन कोंढाण्याचं, इथे लगीन आणि कोंढाणा एकाच मांडवात. पुढे त्यांना 10 मुलं झाली, तो 1219 ला गेला आणि ती वर्षभरात त्याच्या मागोमाग. यांचं पटलं की नाही, पटलं असेल तर कधी, पहिल्या रात्री ती घाबरली होती का चिडली होती, हे कुठल्याच कागदात नाही, आणि नेमकी हीच मोकळी जागा कादंबरीवाल्यांनी धरली.

दुसरी गंमत चर्चची. बाराव्या शतकात चर्चनं, खास करून तिसऱ्या अलेक्झांडर पोपच्या काळात, असं पक्कं केलं की लग्न होतं ते दोघांच्या होकारानं. 'मी तुला नवरा मानते', 'मी तुला बायको मानतो' असे वर्तमानकाळात शब्द उच्चारले की झालं लग्न, ना भटजी लागत ना साक्षीदार. म्हणजे एका बाजूला राजा मुलगी वाटतोय आणि दुसऱ्या बाजूला चर्च म्हणतंय की मुलीनं हो म्हटल्याशिवाय लग्नच नाही. या दोन्हीच्या कात्रीत सापडलेली हिरॉइन म्हणजे अख्खा मिडिव्हल रोमान्स. रीजन्सीवाल्या कादंबऱ्यांत (1811 ते 1820, बॉलडान्स आणि चहा) चुकीचं पाऊल पडलं तर बदनामी होते, इथे चुकीच्या माणसाला हो म्हटलं तर किल्ल्याला वेढा पडतो. दावच मोठा आहे.

एक सीन या प्रकारात इतक्यांदा येतो की तो वेगळा सांगायलाच हवा. हिरॉइन लग्न होऊन नवऱ्याच्या किल्ल्यावर येते. तो पाच वर्षं मोहिमेवर होता त्यामुळे घराला बाईचा हात नाही. हॉलमध्ये जमिनीवर अंथरलेलं लव्हाळं कुजलेलं, त्यात हाडकं, त्यावर कुत्री, वर धूर कोंडलेला, नोकर उलट बोलणारे. ती बाह्या सरसावते. जुनं लव्हाळं ओढून बाहेर जाळायला लावते, नवं अंथरून त्यात सुगंधी पाला मिसळते, आचाऱ्याला धारेवर धरते, आणि तिच्या कमरेला चाव्यांचा जुडगा येतो. संध्याकाळी हिरो चिखलानं माखून घरी येतो, दारात थबकतो, काही बोलत नाही, जेवतो, आणि उठताना एवढंच म्हणतो की आज रस्सा बरा झाला होता. त्या एका 'बरा' वर पुढची 50 पानं निघतात. ज्या घरात 'छान झालंय' हा शब्द वर्षातून एकदा ऐकू येतो त्या घरातल्या बाईला हा सीन समजावून सांगावा लागत नाही, आणि अनोळखी माणसाशी लग्न होऊन मग हळूहळू ओळख होणं हे तर आपल्याकडच्या कितीतरी आज्यांचं चरित्रच आहे, म्हणून कॉलेजात लायब्ररीतून मिल्स अँड बून आणून वाचणाऱ्या आपल्याकडच्या पोरींना हा प्लॉट परका कधी वाटला नाही असं मला वाटतं.

प्रकाराचा मूळपुरुष वॉल्टर स्कॉट. त्याची 'आयव्हनहो' 1819 च्या डिसेंबरात आली, गोष्ट 1194 ची, पहिला रिचर्ड राजा कैदेतून परत येतो त्या वेळची. पहिल्याच प्रकरणात डुकरं राखणारा आणि विदूषक बोलत बसलेत की जनावर जिवंत असतं, राखावं लागतं तोवर त्याला सॅक्सन (म्हणजे नॉर्मन यायच्या आधीच्या इंग्रजांचं) नाव, आणि शिजून साहेबाच्या ताटात गेलं की नॉर्मन-फ्रेंच नाव. त्या एका संवादात जित आणि जेते उभे राहतात. इतिहासकार म्हणतात की हेस्टिंग्जनंतर सव्वाशे वर्षांनी सॅक्सन-नॉर्मन वैर एवढं ताजं राहिलेलं नव्हतं, आणि ते बरोबरच आहे, पण नॉर्मन सरदार आणि सॅक्सन मुलगी ही जोडी वाचकांच्या डोक्यात बसली ती बसलीच. पुढे 1954 मध्ये अन्या सेटनची 'कॅथरीन' आली, राजपुत्र जॉन ऑफ गाँट आणि कॅथरीन स्वीनफर्डवर, ज्यांनी बरीच वर्षं बिनलग्नाचं प्रकरण आणि चार मुलं झाल्यावर 1396 ला लिंकनच्या कॅथेड्रलमध्ये रीतसर लग्न केलं आणि ज्यांच्या वंशात पुढे ट्यूडर राजे आले. इतिहास न मोडता प्रेमकथा कशी लिहावी याचं ते उत्तम उदाहरण.

1974 ची कॅथलीन वुडीविसची 'द वुल्फ अँड द डव्ह' मात्र वेगळ्या कारणानं महत्त्वाची. 1066 चं वर्ष, बाप मारला गेलेली सॅक्सन आयस्लिन आणि घराचा ताबा घेणारा नॉर्मन वुल्फगार. अमेरिकेत ही पेपरबॅक तुफान चालली. पण या पिढीतल्या कादंबऱ्यांत जबरदस्ती आणि प्रेम यांची जी सरमिसळ आहे ती आज वाचताना घशाखाली उतरत नाही, 'काळच तसा होता' हे समर्थनही लंगडं, कारण होकाराचा कायदा मध्ययुगातच, बाराव्या शतकात, पक्का झाला हे वर आलंच. नंतरच्या लेखिकांनी हे बरंच बदललं, हिरॉइन वाटाघाटी करायला लागली, किल्ला सांभाळायला लागली. तेही अगदीच कल्पनेतलं नाही, निकोला द ला हे नावाच्या बाईनं म्हातारपणी 1217 मध्ये लिंकनचा किल्ला शत्रूच्या वेढ्यात लढवून राखला होता.

या कादंबऱ्यांतल्या चुकांची यादी करायला बसलं तर रात्र पुरणार नाही. रश्श्यात बटाटा (तो अमेरिकेतून सोळाव्या शतकात आला), जेवायला काटे, चॅस्टिटी बेल्ट (बायकोच्या कमरेला घालायचा कुलपाचा पट्टा), आणि नव्या नवरीवर पहिला हक्क जमीनदाराचा असली दंतकथा, जिला इंग्लंडमध्ये पुरावाच नाही. हिरो रोज अंघोळ करतो आणि त्याचे सगळे दात शाबूत असतात. बटाटा दिसला की मी पुस्तक बाजूला ठेवतो, दातांबद्दल मात्र माझी काही तक्रार नाही.

या सगळ्यात कादंबरीला सगळ्यात जवळची खरी गोष्ट सरदारांची नाहीच, ती आहे नॉर्फोकच्या पॅस्टन घराण्यातली, ज्यांचा घरगुती पत्रव्यवहार सुदैवानं शाबूत आहे. घरातली मुलगी मार्जरी आणि घरचाच कारभारी रिचर्ड कॉल यांनी गुपचूप एकमेकांना शब्द दिला. घरात आकांत. भाऊ लिहितो की माझी बहीण फ्रॅमलिंगहॅमला मेणबत्त्या आणि मोहरी विकत बसलेली मला चालणार नाही. रिचर्डनं तिला 1469 मध्ये लिहिलं की तुझ्याशी बोलून हजार वर्षं झाल्यासारखं वाटतंय, आणि वाचून झालं की हे पत्र जाळून टाक. पत्र जळलं नाही. त्याच वर्षी नॉरविचच्या बिशपनं दोघांना वेगवेगळं बोलावून नेमके कुठले शब्द बोललात ते विचारलं, आणि मार्जरीनं शब्द सांगून वर म्हटलं की एवढ्यानं लग्न पक्कं होत नसेल तर जाण्याआधी अजून पक्कं करते. बिशपचा नाइलाज झाला, लग्न ग्राह्य धरावं लागलं. आईनं, मार्गारेटनं, तिला घराचं दार बंद केलं. पुढे 1482 मध्ये त्याच मार्गारेटनं मृत्युपत्र केलं तेव्हा त्यात मार्जरीच्या मुलाच्या, जॉन कॉलच्या, नावे 20 पौंड ठेवले होते.