उकळत्या चहाला टिकणारा कप

सॅम्युएल पेपिस हा लंडनच्या नौदल कचेरीतला अधिकारी. चहा नावाचं चिनी पेय आयुष्यात पहिल्यांदा प्यायल्याची नोंद त्याच्या रोजनिशीत २५ सप्टेंबर १६६० या तारखेला सापडते. दोन वर्षांनी पोर्तुगालची कॅथरीन दुसऱ्या चार्ल्सची राणी होऊन इंग्लंडात आली. मुंबई बेट आंदण म्हणून इंग्रजांकडे गेलं, ते याच लग्नात. कॅथरीनला चहाची सवय होती, आणि राणी पिते म्हटल्यावर दरबारही पिऊ लागला. पानं चीनमधून येत होती, साखर कॅरिबियन बेटांवरच्या गुलामांच्या मळ्यांतून. अडचण होती भांड्याची.

इंग्रज घरात तोवर रोजचं पेय म्हणजे बिअर, आणि ती थंडच प्यायची. तिच्यासाठी लाकडाचे, शिंगाचे, चामड्याचे पेले चालत. जरा बऱ्या घरी कथलाच्या मिश्रधातूचे पेले असत, पण त्यांत चहा ओतला की काठ इतका तापतो की ओठ लावता येत नाही. उरली मातीची भांडी. लंडन आणि ब्रिस्टलचे कुंभार साध्या मातीवर कथील घातलेली पांढरी झिलई (भाजल्यावर काचेसारखा होणारा लेप) चढवून दिसायला चिनी, पण आतून कच्ची अशी भांडी करत. उकळत्या पाण्यापुढे तीही हरत.

कपात उकळतं पाणी पडलं की आतली बाजू क्षणात तापून फुगू पाहते. बाहेरची बाजू अजून थंडच असल्यामुळे ती ताणली जाते. भाजलेली माती दाब भरपूर सोसते, ताण फारसा सोसत नाही. मग एखादं छिद्र, ओरखडा किंवा न वितळलेला कण असेल तिथून तडा सुरू होतो. म्हणून चहाच्या कपाची माती तापल्यावर कमी फुगणारी हवी, अंगात छिद्रं नकोत आणि झिलई अंगाच्या बरोबरीने फुगणारी-आकसणारी हवी. लंडनची भांडी सुमारे १००० अंश सेल्सिअसला भाजलेली, आतून सच्छिद्र. झिलईचा आणि अंगाचा मेळ नसल्याने काठावरून टवके उडत, आणि एकदा टवका उडाला की आतली माती चहा शोषून काळी पडे.

जिंगदेजेनच्या चिनी कुंभारांनी हे कोडं कित्येक शतकं आधीच सोडवलं होतं. लोहाचा अंश कमी असलेली केओलिन ही पांढरी माती आणि गारगोटी आणि अभ्रक असलेल्या खडकाची पूड एकत्र मळून ते १३०० अंशांच्या आसपास भाजत. त्या उष्णतेला दगडाची पूड वितळून काच होते आणि सगळी छिद्रं भरते. केओलिनपासून म्युलाइटचे सुईसारखे स्फटिक तयार होतात, ते त्या काचेला आतून बांधून ठेवतात. झिलईही त्याच भाजणीत अंगाशी एकजीव होते, त्यामुळे ती सुटत नाही.

ही भांडी इंग्लंडात स्वस्तात पोहोचली ती चहामुळेच. चहा ओल आणि वास पटकन धरतो, म्हणून पेट्या जहाजात वर ठेवाव्या लागत. जहाज स्थिर राहायला तळाला वजन तर हवंच. पाण्याने न बिघडणारं, वास नसलेलं आणि वर विकता येईल असं वजन म्हणजे चिनी भांडी. गेल्डरमाल्सन हे डच जहाज १७५२ मध्ये असंच चहा आणि चिनी भांडी घेऊन निघालं असताना बुडालं. १९८५ मध्ये समुद्रतळावरून त्यातले दीड लाखाहून अधिक नग वर काढले गेले आणि पुढच्या वर्षी लिलावात विकले गेले. चहाचा अर्थातच चोथा झाला होता.

या भांड्यांनी इंग्रज घराची मांडणी बदलली. चिनी कपाला कान नसे, तो छोट्या वाटीसारखा. बशीत चहा ओतून गार करून पिण्याची रीत अठराव्या शतकातल्या इंग्लंडातही होती, तेव्हा आपल्याकडे बशीने चहा पिणाऱ्यांना नाकं मुरडणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं. चहा महाग, म्हणून त्याच्या डब्याला कुलूप आणि किल्ली मालकिणीकडे. उरलेला गार चहा टाकायला वेगळा वाडगा, साखरेला वेगळं भांडं, या सगळ्यासाठी वेगळं छोटं टेबल. १७८४ मध्ये चहावरचा कर ११९ टक्क्यांवरून १२.५ टक्क्यांवर आणला गेला. चोरट्या व्यापारातला फायदाच संपला आणि चहा सामान्यांच्या न्याहारीत बिअरच्या जागी पक्का बसला.

असा कप इथेच का करू नये, या विचाराने इंग्रज कुंभार त्याआधीच कामाला लागले होते. चिनी कृती माहीत नसल्यामुळे प्रत्येकाने आपापली वाट धरली. लंडनजवळच्या चेल्सीत १७४०च्या दशकात पांढऱ्या मातीत काचेची पूड मिसळून भांडी केली. दिसायला देखणी, पण ती भाजणं महाकठीण. चार-दोन अंश कमी पडले की अंग कच्चं, जास्त झाले की अख्खं भांडं भट्टीत मऊ होऊन खाली बसतं. त्यात काचेचा अंश जास्त असल्याने उकळतं पाणी पडलं की तडकायची भीती. कपात आधी दूध घालण्याची इंग्रज सवय तडे टाळण्यासाठी पडली असं सांगतात. गोष्ट छान आहे, पुरावा मात्र कच्चा.

ब्रिस्टलच्या कुंभारांनी कॉर्नवॉलचं संगजिरं मिसळून पाहिलं. १७५१ मध्ये सुरू झालेल्या वुस्टरच्या कारखान्याने पुढच्याच वर्षी ब्रिस्टलचा हा उद्योग आपल्यात घेतला. वुस्टरचे कप आणि चहादाण्या उकळत्या पाण्याला टिकतात, झिलईला केसासारख्या भेगांची जाळी पडत नाही, अशी ख्याती झाली आणि कारखाना चालला.

प्लिमथचा औषधविक्रेता विल्यम कुकवर्दी याने चिनी वाटच धरली. जिंगदेजेनमध्ये राहिलेल्या दाँत्रकोल या फ्रेंच पाद्र्याने १७१२ आणि १७२२ मध्ये पत्रांतून तिथली कृती कळवली होती. त्या आधारे कुकवर्दीने कॉर्नवॉलमध्ये केओलिन आणि जुळणारा दगड शोधून काढला आणि १७६८ मध्ये पेटंट घेतलं. कच्चा माल बरोबर होता, भट्टी हातात येत नव्हती. धुराचे डाग पडत, कप वाकडे होत, कान कलत. तापमान मोजायचं साधन नव्हतं. भट्टीच्या भोकातून नमुन्याची कडी बाहेर काढून ती पाहून अंदाज बांधायचा. १७७५ मध्ये संसदेने पेटंटची मुदत वाढवली, पण जोसाया वेजवुड आणि स्टॅफर्डशरच्या कुंभारांनी भांडून अपारदर्शक भांड्यांसाठी ती माती वापरायची मोकळीक मिळवली. माझ्या मते या धंद्याचं पुढचं भवितव्य तिथेच ठरलं.

शेवटी जिंकलं ते हाड. लंडनच्या पूर्वेला बो इथल्या कारखान्यात, ज्याला मालकांनी कँटन या चिनी बंदरावरून ‘न्यू कँटन’ असं थाटाचं नाव दिलं होतं, १७४९च्या सुमारास मातीत हाडांची राख घालू लागले होते. स्टॅफर्डशरच्या स्पोड कारखान्यात १७९०च्या दशकात हेच मिश्रण नीट बसलं: निम्मी हाडांची राख, पाव भाग केओलिन, पाव भाग कॉर्नवॉलचा दगड. हाच बोन चायना. गुरांची हाडं उकळून चरबी आणि सरस काढतात, मग १००० अंशांच्या आसपास जाळून पांढरी राख होईपर्यंत भाजतात आणि बारीक दळतात. राखेतलं कॅल्शियम आणि फॉस्फेट भट्टीत मातीशी मिळून कॅल्शियम फॉस्फेट आणि अनॉर्थाइट यांचे बारीक स्फटिक व थोडी काच तयार करतात. त्यातून उजेड झिरपतो, रंग दुधी पांढरा येतो आणि काठाचा टवका सहज उडत नाही.

कारागिराला मात्र ही माती छळते. निम्मा भाग राख असल्यामुळे ती विरी गेलेल्या ज्वारीच्या पिठासारखी, वळायला गेलं की चिरते. पहिली भाजणी १२२० ते १२५० अंशांची, आणि मोकळीक तेवढीच. भांडं बसू नये म्हणून त्याला भुकटीत टेकवून भाजावं लागतं. अंग काचेसारखं बंद झाल्यावर झिलई शोषत नाही, म्हणून ती जाडसर आणि जपून लावायची. दुसरी भाजणी १०८०-११०० अंशांना. चिनी पद्धतीत झिलई १३०० अंशांना भाजायची, त्यामुळे झिलईखाली कोबाल्टचा निळा आणि एखाददुसरा रंगच टिके. इथे रंगांना जास्त वाव मिळाला.

निळा रंग तरीही सुटला नाही, कारण गिऱ्हाइकाच्या डोळ्यांत चिनी निळाच बसला होता. तांब्याच्या पत्र्यावर चित्र कोरायचं, पत्रा तापवून तेलात खललेला कोबाल्ट भरायचा, साबणाच्या पाण्याने ओलसर केलेल्या पातळ कागदावर छाप घ्यायचा. तो कागद भाजलेल्या ताटलीवर उलटा चिकटवून ब्रशने घासायचा आणि पाण्यात धुऊन काढायचा. मग झिलईआधी हलकी भाजणी, तेल जळून जाण्यासाठी. ती चुकवली तर झिलई तेलावरून सरकते आणि उघडे चट्टे राहतात. जुन्या ताटलीच्या किनारीवर नक्षीचा सांधा जुळलेला नसेल, तर ती छापलेली आहे हे ओळखावं. वाकलेली झाडं, पूल आणि दोन पक्ष्यांचं ‘विलो’ चित्र याच तंत्राने घरोघरी पोहोचलं. ते इंग्लंडातच रचलेलं. त्यामागची प्रेमकथाही नंतर तिथेच जोडली गेली. पुढे चिनी कुंभारही निर्यातीसाठी त्याची नक्कल करू लागले. ईस्ट इंडिया कंपनीने तर १७९१ मध्येच चिनी भांड्यांची घाऊक आयात थांबवली होती.

भांडं ओळखायचं असेल तर तळाची झिलई नसलेली कड पाहा. त्यावर पाण्याचा थेंब ठेवा. शोषला तर साधी माती. शोषला नाही आणि उजेडासमोर बोटाची सावली दिसली, तर चिनीमाती किंवा बोन चायना. झाक निळसर-राखाडी असेल तर बहुधा चिनी पद्धतीची, दुधी-पिवळसर असेल तर हाडांची. हाडांऐवजी कारखान्यात बनवलेलं कॅल्शियम फॉस्फेट घातलेले कपही मिळतात, पण ते डोळ्यांनी वेगळे ओळखता येत नाहीत. शाकाहारी घरात हा प्रश्न निघतोच. त्यासाठी उत्पादकालाच विचारावं लागतं, किंवा सरळ साध्या चिनीमातीचे कप घ्यावे लागतात.