लखनौ ४९ जन्मानं पुणेकर, म्हणजे चीमासाहेबांची गोष्ट

मागच्या थंडीत औंध रोडला एका पेरूवाल्याशी माझी जरा हुज्जत झाली. तो म्हणे, "साहेब एक नंबर माल, लखनौचा एल फोर्टी नाईन". मी म्हटलं अरे बाबा, हा पेरू लखनौचा नाही, तू जिथं गाडी लावलीय ना तिथून जवळच याचा जन्म झालाय. त्यानं माझ्याकडं असं बघितलं की हा माणूस भाव पाडायला काहीही बोलतोय. मग पेरू चिरून तिखट-मीठ लावून हातात दिला आणि विषय संपला.

पण खरंच आहे ते. लखनौ ४९, ज्याला पुढं सरदार हे पण नाव पडलं, तो पेरू पुण्यात गणेशखिंडीत निवडलेला आहे, १९२७ च्या सुमाराचं काम. निवडणारा माणूस डॉ. जी. एस. चीमा, मुंबई सरकारचे हॉर्टिकल्चरिस्ट. आडनाव पंजाबी, पण कामाचा मोठा भाग पुण्यात. महाराष्ट्रातल्या तीन-चार फळांच्या बागा ज्या माणसाच्या कामावर उभ्या राहिल्या त्याचं नाव विचारा कुणाला, सांगता येणार नाही. जुने द्राक्षवाले फक्त सांगतील, ते पण "चीमा साहेबी" ही द्राक्षाची जात म्हणून, आणि त्यांनाही बहुतेक वाटतं की साहेबी म्हणजे चीमा नावाचा कुणी गोरा साहेब असणार. साहेबी ही द्राक्षाचीच जुनी जात आहे, पंढरी साहेबी आणि काळी साहेबी, त्याच्याशी साहेबाचा संबंध नाही.

थोडं मागं जाऊ. गणेशखिंडीत गव्हर्नरचा बंगला होता, म्हणजे आज जी पुणे विद्यापीठाची मेन बिल्डिंग आहे ती. त्याच परिसरात १८७३ मध्ये बोटॅनिकल गार्डन सुरू झालं. वूड्रो नावाचा इंग्रज अधिकारी सुरुवातीच्या काळात ते बघायचा. १९०७-०८ च्या आसपास पुण्याचं शेतकी कॉलेज उभं राहिलं आणि या बागेला अभ्यासाचं वळण लागलं. तिथं बर्न्स आणि प्रयाग या जोडीनं १९११ च्या सुमारास आंब्याचा संकर करायचा प्रयत्न केला होता, भारतात पद्धतशीर असा पहिलाच म्हणतात. चीमा आले ते अशा तयार जागेत, कोऱ्या पाटीवर नाही, हे पण सांगायला पाहिजे, नाहीतर आपण एका माणसाला सगळं श्रेय देऊन मोकळे होतो.

आता त्यांची पद्धत. ऐकायला इतकी साधी आहे की यात संशोधन काय असं वाटेल. फळाचं बी लावलं की आईसारखं फळ येत नाही हे गावात कुणालाही विचारा, कोयीपासून आलेल्या आंब्याला म्हणूनच आपण रायवळ म्हणतो, शंभर कोयी लावल्या तर शंभर तऱ्हा. शेतकऱ्याला ही कटकट वाटते. चीमांनी तीच कामाला लावली. बिया लावायच्या, सगळी रोपं वाढवायची, फळं येईपर्यंत थांबायचं, एकेका झाडाची फळं वर्षानुवर्षं तपासायची, आणि शेवटी एक झाड ठेवायचं. मग त्या एका झाडाची कलमं, छाट किंवा गुटी, जे त्या फळाला चालतं ते. बाकीची सगळी झाडं तोडली तरी चालतील. यात अक्कल किती लागते त्यापेक्षा धीर किती लागतो हे बघा, कारण सरकारी नोकरीत बदली, बजेट, नवा साहेब हे सगळं चालू असताना तेच झाड आठ-दहा वर्षं बघत बसायचं!

पेरूत अलाहाबाद सफेदाच्या बियांपासून रोपं केली, त्यातून हा ४९ निघाला. चीमा आणि देशमुख यांच्या नावावर मुंबईच्या शेतकी खात्याचं एक बुलेटिन पण आहे, पश्चिम भारतातली पेरूची लागवड आणि निवडीतून सुधारणा या विषयावर. फळ मोठं, साल थोडी खडबडीत पिवळसर, गर पांढरा, आणि झाड आडवं पसरणारं. आजही नर्सरीत गेलात की पहिलं नाव तेच सांगतात, तैवान पिंक वगैरे आत्ता आत्ताचे.

डाळिंबाची गोष्ट जास्त मोठी आहे. तेव्हा पुण्याकडं आळंदी नावाची डाळिंबाची जात होती, चव बरी, पण बी टणक, चावताना अक्षरशः खडे. त्या आळंदीच्या रोपांतून १९३६ मध्ये एक झाड निवडलं ज्याचं बी मऊ होतं. नाव काय दिलं तर जीबीजी-१, म्हणजे गणेशखिंड बोटॅनिकल गार्डन नंबर एक. असल्या नावाची जात कोण लावणार! १९७० मध्ये तिला गणेश हे नाव मिळालं आणि गाडी सुटली. लोकांना वाटतं गणपतीवरून ठेवलंय, असू दे, पण मुळात ते गणेशखिंडीतलं गणेश आहे. (तासगावच्या द्राक्षातलं तास-ए-गणेश वेगळं, ते थॉमसन या बिनबियांच्या द्राक्षातून एका शेतकऱ्यानं निवडलेलं, त्याचा याच्याशी संबंध नाही, हा घोळ मी स्वतः बरीच वर्षं घालत होतो.)

१९३६ ते १९७०, चौतीस वर्षं. मधल्या काळात हे झाड नव्हतं असं नाही, कुणाला त्याची गरज नव्हती. डाळिंब म्हणजे परसातलं झाड, आजारी माणसाला द्यायचं फळ. मग सत्तरनंतर चित्र पालटलं. बहात्तरच्या दुष्काळानं कोरडवाहू भागाला दाखवून दिलं की ज्वारी-बाजरीवर भागणार नाही, आणि डाळिंबाला हलकी माळरानाची जमीन चालते, पाणी कमी चालतं, उलट बहार धरायला, म्हणजे फुलं यायला, त्याला मुद्दाम पाणी तोडून ताणच द्यावा लागतो. सांगोला, आटपाडी, तिकडं वर सटाणा, मालेगाव, देवळा, जिथं पाणी कमी तिथं गणेश गेली. १९९० मध्ये सरकारनं रोजगार हमीत फळबाग लागवड घेतली, खड्डे खणायची मजुरी आणि कलमांचे पैसे त्यातून मिळायला लागले. मग तर ज्याच्याकडं माळ त्याच्याकडं डाळिंब.

आमच्या मामांची आटपाडीकडं अशीच बाग होती, दोन एकर. मला आठवतं ते म्हणजे तोडणीच्या दिवशी घरात पाय ठेवायला जागा नसायची, ओसरीवर डाळिंबाचा ढीग आणि मामी जमिनीवर बसून एकेक फळ हातात घेऊन वजनानं वेगळं करायची, काटा न लावता, आणि चुकायची नाही. साल पिवळसर, त्यावर थोडी लाली. दाणे फिक्कट गुलाबी. उन्हाळ्यात येणारा आंबे बहार असला की दाणे आणखी फिके, पार पांढरट, आणि व्यापारी तेवढ्यावरून भाव पाडायचा. थंडीतल्या फळाला रंग चांगला. रंग तापमानावर जातो हे मामांना कुणी शिकवलं नव्हतं, ते फक्त म्हणायचे "उन्हाचं डाळिंब पांढरं पडतं".

आणि गणेशचं दुखणं हेच होतं, रंग. म्हणून राहुरीच्या कृषी विद्यापीठानं तिचा गुल-ए-शाह रेड या रशियन म्हणवल्या जाणाऱ्या लालभडक जातीशी संकर केला. त्यातून मृदुला, आरक्ता आणि २००३-०४ च्या सुमारास भगवा आला. भगव्याला कुणी शेंदरी म्हणतं, कुणी अष्टगंधा. आज दुबईला किंवा युरोपात जाणारं महाराष्ट्राचं डाळिंब बहुतेक भगवाच. म्हणजे बघा, गणेशखिंडीतल्या त्या एका मऊ बियांच्या झाडाचं रक्त आज जवळपास सगळ्या बागेत आहे, फक्त नाव बदललं. आणि याचा तोटा पण झाला, ते पण सांगतो. सगळीकडं एकच जात, ती पण कलमांनी वाढवलेली, म्हणजे एका बागेत रोग घुसला की दुसऱ्या बागेत तोच माल त्याची वाट बघत उभा. २००० नंतर तेल्या आला, पानावर आणि फळावर तेलकट डाग, मग फळ तडकतं. हा जिवाणूचा रोग, पावसाबरोबर पसरतो, त्याला धड औषध नाही, आणि गणेश काय भगवा काय, दोघीही त्याला बळी पडतात. आता यात चीमांना कुणी दोष देणार नाही, त्यांनी एक झाड दिलं, लाखो एकसारखी झाडं आपण लावली.

द्राक्षाचं थोडक्यात. नाशिककडं आधी भोकरी, फकडी, साहेबी असल्या जाती होत्या. पंढरी साहेबीच्या बियांपासून केलेल्या रोपांतून गणेशखिंडीत जी जात निघाली ती चीमा साहेबी, चीमांचं नाव असलेलं एकमेव फळ. उत्पन्न भरपूर, साठच्या दशकात हैदराबादकडच्या अनाब-ए-शाहीबरोबर तिचा बोलबाला होता. पण फळात बी. थॉमसन सीडलेस आलं, लोकांना बिनबियांच्या द्राक्षाची चटक लागली, आणि ही बागेतून गेली. ज्या फळावर त्यांचं नाव तेच नेमकं संपलं.

आता आंबा, आणि मला स्वतःला सगळ्यात भारी वाटतं ते काम हे. १९३२ आणि १९३३ ला मुंबईहून युरोपला हापूस पाठवून बघितला, बोटीनं, म्हणजे दोन-अडीच आठवड्यांचा प्रवास. चीमा आणि दाणी यांनी त्याचा रिपोर्ट १९३४ मध्ये दिला. त्या रिपोर्टात हापूसमधल्या साक्याची पहिली शास्त्रीय नोंद सापडते. साका कोकणातल्या माणसाला सांगायला नको, इतरांसाठी सांगतो: बाहेरून आंबा एकदम तयार, केशरी, वास सुटलेला, डाग नाही, कापला की कोयीजवळ पांढरट स्पंजासारखा भाग, आंबट आणि बेचव, मध्ये पोकळी. कापल्याशिवाय कळत नाही. म्हणून पेटी घेणारा शिव्या घालतो बागायतदाराला, बागायतदार दलालाला, आणि दलाल नशिबाला.

नव्वद वर्षं होऊन गेली, हापूसमधला साका अजून आहे. मधल्या काळात बरंच कळलं. ऐंशीच्या दशकात संशोधकांनी सांगितलं की जमिनीतून वर येणाऱ्या उष्णतेचा हात आहे, म्हणून झाडाखाली गवताचं आच्छादन करा. पुढं बंगळुरूच्या संशोधकांनी दाखवलं की कोय फळातच रुजायची तयारी सुरू करते आणि त्यासाठी गरातला माल ओढते. कोकणातला उपाय जुनाच, आंबा झाडावर पूर्ण तयार होऊ द्यायचा नाही, चौदा आण्याला, म्हणजे सोळातले चौदा आणे तयार झाला की उतरवायचा. वेंगुर्ल्याच्या फळसंशोधन केंद्रात नीलम आणि हापूस मिळून १९८१ मध्ये रत्ना काढला आणि रत्ना परत हापूसला जोडून १९९२ मध्ये सिंधू, दोन्हीत साका नाही, सिंधूची कोय तर पातळ चिपाडासारखी. पण बाजारात लोक मागतात हापूसच, साक्यासकट!

आंबा नुसता पाठवून भागत नाही, टिकवावा पण लागतो, म्हणून गणेशखिंडीत कोल्ड स्टोरेजचे प्रयोग झाले. चीमा, करमरकर आणि जोशी अशी ती टीम. आज आपण सहज म्हणतो फ्रीजमध्ये ठेव, पण आंबा म्हणजे सफरचंद नव्हे, फार थंड केलं की साल काळवंडते, नंतर बाहेर काढलं तरी पिकत नाही, मग थंड म्हणजे किती थंड आणि किती दिवस, हे प्रत्येक फळासाठी वेगळं मोजावं लागतं. त्यांचा आंब्याच्या शीतगृहावरचा मोठा पेपर १९५० मध्ये छापून आला. १९५४ मध्ये भट आणि नाईक यांच्याबरोबर 'कमर्शियल फ्रूट्स ऑफ इंडिया' हे पुस्तक आलं. यातले नाईक म्हणजे के. सी. नाईक, जे पुढं बंगळुरूच्या कृषी विद्यापीठाचे पहिले कुलगुरू झाले.

गणेशखिंडीतलं फळसंशोधन केंद्र अजून आहे, राहुरी विद्यापीठाकडं. आजूबाजूला टॉवर आणि ट्रॅफिक, आणि मध्ये ती हिरवी बाग, २०२० मध्ये तिला जैवविविधता वारसा स्थळ म्हणून जाहीर केलं.

मामांनी गणेशची बाग काढून कधीच भगवा लावला, नंतर तेल्यानं तो पण गेला, आता तिथं पेरू आहे. विहिरीजवळ गणेशचं एक झाड मात्र ठेवलं होतं, आजीसाठी. तिच्या तोंडात दात उरले नव्हते आणि तिचा हट्ट असा की भगव्याचा दाणा हिरड्यांना टोचतो, गणेशचा नाही. खरं तर भगव्याचं बी पण मऊच, मामा तिला हे दरवर्षी समजावून सांगायचे आणि ती दरवर्षी वाटीत गणेशचेच दाणे मागून घ्यायची.